मार्कंडेयच्या पुलावरची बादली

गेल्या मे महिन्यातली रविवारची सकाळ. बेळगावजवळ, कंग्राळीच्या पुढे मार्कंडेय नदीच्या पुलावर मी नेहमीसारखा कठड्याला टेकून उभा होतो. वळवाचे दोन पाऊस होऊन गेले होते आणि नदीचं पाणी नुकतं कुठं हलायला लागलं होतं. एक मोटारसायकल येऊन थांबली. चालवणारा वीस-बावीस वर्षांचा, मागे त्याचा शाळकरी भाऊ, आणि त्या भावाच्या मांडीवर रंगाची रिकामी बादली, वर ओला टॉवेल. टॉवेल बाजूला झाला तेव्हा आत दिसला एक काळपट, चट्टेरी, खरबरीत अंगाचा मासा. बादलीच्या बुडाला तोंड चिकटवून बसलेला. सकर.

"काका, टाकीत मावंना झालाय बघा," मोठा म्हणाला. "आई म्हणाली, मारू नको, नदीत सोडून ये. पुण्य लागेल."

त्या माऊलीचं मन मला कळतं. तीन वर्षं ज्याला खायला घातलं त्याला मारायचं कसं, आणि ठेवायचं तरी कुठं? बेळगावात घरोघरी काचेच्या टाक्या आहेत, आणि टाकी घेतलेल्या जवळजवळ प्रत्येक घरात कधी ना कधी हा प्रश्न येतोच. त्याचं उत्तर आपण सगळ्यांनी ठरवून टाकल्यासारखं एकच आहे: नदी, तलाव, नाहीतर विहीर. किल्ल्याच्या तलावात सोड, कपिलेश्वरच्या तलावात सोड, राकसकोपकडे फिरायला जाशील तेव्हा सोड. मी स्वतः पंचवीस वर्षं मासे पाळतो आणि पूर्ण विचारांती सांगतो, की हे उत्तर चूक आहे. सोडलेल्या माशावर त्यात दया नाही, आणि नदीवर तर मुळीच नाही.

आधी माशाचं बघू. टाकीतला मासा ठरल्या वेळी दाणे खाऊन वाढलेला असतो. टाकीवर सावली पडली की तो वर येतो, कारण सावली म्हणजे खाणं हेच त्याला ठाऊक. नदीवर तीच सावली बगळ्याची असते, खंड्याची असते. लाल-केशरी गोल्डफिश गढूळ पाण्यातही लांबून दिसतो. मरळ दबा धरून बसते हे त्याला कुणी शिकवलेलं नसतं. त्यात आपलं बेळगाव समुद्रसपाटीपासून साडेसातशे मीटर उंचावर, डिसेंबर-जानेवारीतली पहाट चांगलीच बोचरी. हीटर लावून पंचवीस-सव्वीस अंशांवर ठेवलेल्या माशाला ते गार पाणी दोन दिवसांत आजारी पाडतं. सोडलेल्या माशांपैकी बहुतेक असेच मरतात, उपाशी, गारठून किंवा कुणाच्या तरी चोचीत. आपण तोवर घरी पोचून बादली धुऊन ठेवलेली असते. मरण डोळ्याआड झालं, टळलं नाही.

आणि जो मरत नाही, त्याचं काय? खरी चिंता तिथं आहे.

जलपर्णी माहीत नाही असा माणूस आपल्या भागात सापडणार नाही. पंचगंगेत, गावोगावच्या तळ्यांत ती गालिच्यासारखी पसरते, पाणी गुदमरवते आणि ती काढण्यावर दरवर्षी पैसा ओतावा लागतो. ही वनस्पती मूळची दक्षिण अमेरिकेतली. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी बंगालमध्ये ती शोभेसाठी आणली, जांभळी फुलं सुंदर दिसतात म्हणून. कुणाच्या तरी बागेतल्या हौसेची ती वस्तू होती. सव्वाशे वर्षं झाली, देशभर उपसतोय, संपत नाही. जलपर्णी पाण्यावर तरंगते म्हणून निदान दिसते तरी. मासा पाण्याखाली असतो, तो दिसायला लागतो तोपर्यंत वेळ गेलेली असते.

त्या बादलीतला सकरही त्याच खंडातला, ॲमेझॉन-ओरिनोकोच्या खोऱ्यातला. दुकानात तो बोटाएवढा मिळतो. "काच चाटून साफ ठेवतो" असं सांगून विकतात, आणि लहानपणी ठेवतोही. पण तो दीड फुटापर्यंत वाढतो हे विकताना कुणी सांगत नाही. अंगावर खवल्यांऐवजी हाडांच्या पट्ट्या, त्यामुळं त्याला सहज गिळेल असं आपल्या नदीत फार कुणी नाही. पाण्यातला प्राणवायू कमी झाला तर तो वर येऊन हवा घेतो, म्हणून गटारासारख्या पाण्यातही टिकतो. ओलसर राहिला तर पाण्याबाहेर तासन्‌तास जगतो. अंडी घालायला तो काठाच्या मातीत हातभर खोल बिळं पाडतो, आणि नर तिथं राखण करत बसतो. एका काठाला शेकडो बिळं झाली की काठ ढासळतो. घटप्रभेच्या कालव्यांवर ज्यांचा ऊस उभा आहे त्यांनी याचा जरा विचार करावा. मातीच्या भरावात एवढंसं भगदाड पडलं तर पुढं काय होतं, हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त कळतं.

मेक्सिकोत इन्फिएर्निल्यो नावाचं मोठं धरण आहे. तिथले मच्छीमार चिलापी नावाच्या माशावर जगत. टाकीतून सुटलेला हाच सकर धरणात वाढला आणि काही वर्षांत जाळ्यात चिलापीपेक्षा सकरच जास्त यायला लागला. जाळी फाटली, मासळीचा धंदा कोलमडला. तिथं त्याला सैतान मासा म्हणतात. ते लांबचं वाटत असेल तर जवळचं सांगतो. आंध्र, तेलंगण, तामिळनाडू, केरळ, बंगाल या सगळ्या राज्यांच्या पाण्यात तो पोचला आहे. हैदराबादच्या सीसीएमबी या संशोधन संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी तर नुसत्या पाण्याच्या नमुन्यातून या माशाचा डीएनए ओळखण्याची पद्धत बसवली आहे. पाणी तपासून शोधावा लागावा इतका हा मासा पसरला आहे. दक्षिण अमेरिकेतून तो पोहत आला नाही. तो विमानातून पिशवीत आला, दुकानातून घरात गेला आणि घरातून बादलीत.

जाळी कशी फाटते हे मी त्या रविवारीच पाहिलं. मुलांना समजावून मासा माझ्या घरी आणला. परसात धुण्याच्या दगडाशेजारी सिमेंटचा जुना हौद आहे, त्यात तो सोडायचा होता. मी नेहमीच्या हातजाळीने त्याला उचललं. त्याबरोबर त्याने छातीचे दोन्ही पर ताठ करून बाहेर फेकले. पराच्या पुढच्या कडेला जाड काटा असतो, आणि त्या काट्याला खरबरीत दाते. ते जाळीच्या दोऱ्यात असे रुतले की पुढं सरकेना, मागं येईना. ओढावं तर मासा दुखावणार, सोडावं तर हवेत लोंबकळणार. शेवटी धाकट्याने घरातून कात्री आणली आणि मी एकेक दोरा कापत गेलो. माझी जाळी साठ रुपयांची, गेली तर गेली. घटप्रभेवर किंवा हिडकल धरणाच्या फुगवट्यात जाळं टाकणाऱ्या माणसाच्या जाळ्यात असे दहा अडकले, तर त्याने दोरे कापायचे की पोट भरायचं?

"एकच तर सोडतोय, एकाने काय होतंय?" असं धाकटा विचारत होता. प्रश्न प्रामाणिक आहे. सकरला जोडी लागते हे खरं. पण आपल्यासारखंच दुसऱ्याही घरातून कुणीतरी एकच सोडत असतो, आणि मासे एकमेकांना शोधून काढतात. गप्पीला तर तेवढंही लागत नाही. गप्पीची मादी नराचं बीज पोटात महिनोन्‌महिने साठवून ठेवते आणि साधारण दर महिन्याला पिल्लं देते. एक गाभण मादी ओढ्यात पडली तर वर्षभरात त्या ओढ्यात गप्पीची वस्ती होऊ शकते.

आता कुणीतरी म्हणेल, गप्पी तर सरकारच सोडतंय! बरोबर आहे, आणि हा आक्षेप मला सगळ्यात मोलाचा वाटतो. डासांच्या अळ्या खातात म्हणून आरोग्य खात्याने गप्पी आणि गंबुशिया गावोगावच्या पाण्यात सोडले. गंबुशिया १९२८ मध्ये भारतात आला. जगातल्या सर्वांत घातक शंभर परक्या जीवजातींची जी यादी जागतिक निसर्ग संवर्धन संघटनेच्या तज्ज्ञांनी केली, तिच्यात आज हाच गंबुशिया आहे. १९५२ मध्ये आणलेली चिलापीही त्याच यादीत आहे. बाजारात चिलापी स्वस्त मिळते, गरिबाच्या ताटात येते, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण उजनीच्या काठचे म्हातारे मच्छीमार सांगतील, की चिलापी जाळ्यात वाढली तसे आधीचे किती मासे जाळ्यातून गेले. सरकारने केलं म्हणून ते नदीला मानवतं असं नाही. झाकलेल्या टाकीत, बांधीव हौदात गप्पी ठेवायला माझी हरकत नाही. वाहत्या पाण्यात ते नकोत, आणि तिथं त्यांची गरजही नाही. भाताच्या खाचरात, विहिरीच्या कडेला डोक्यावर चांदीचा ठिपका असलेला बोटभर मासा आपण सगळ्यांनी पोरपणी पाहिला आहे. पाण्याच्या अगदी वरच्या थरात फिरतो आणि डासांच्या अळ्या मटामट खातो. तो इथलाच आहे. आरोग्य खातं नव्हतं तेव्हापासून हे काम करतोय.

आणखी एक गोष्ट सांगायलाच हवी, कारण तिच्यात आपल्याच नदीचा मासा आहे. कृष्णा-गोदावरीच्या खोऱ्यातला महाशीर, शास्त्रज्ञ ज्याला टॉर खुद्री म्हणतात, लोणावळ्याजवळ वळवणच्या केंद्रात मोठ्या कष्टाने पैदास करून ठिकठिकाणच्या नद्यांत सोडला गेला. हेतू अतिशय चांगला होता. महाशीर कमी होताहेत, ते वाढावेत, एवढाच. त्यातले काही कावेरीत गेले. कावेरीचा स्वतःचा महाशीर होता, पाठीवर कुबड असलेला, पन्नास किलोच्या पुढं वाढणारा, जगात दुसरीकडं कुठंच नसलेला. आपला कृष्णेचा महाशीर तिथं फोफावला आणि कावेरीचा मागं पडत गेला. धरणं, सुरुंग लावून केलेली मासेमारी हीही कारणं होतीच. पण २०१८ मध्ये त्या कुबड्या महाशीराची नोंद अतिसंकटग्रस्त म्हणून झाली, त्यात आपल्या माशाचा वाटा मोठा. कृष्णा आणि कावेरी दोन्ही कर्नाटकातून वाहतात. मासा भारतीय, नदी भारतीय, सोडणारे जाणकार, मन स्वच्छ. तरीही असं झालं. मग सातासमुद्रापलीकडचा मासा, ज्याच्याबद्दल आपल्याला दुकानातल्या नावापलीकडं काही माहीत नाही, तो पुलावरून ओतताना हात थांबायला नको का?

नदी म्हणजे नुसतं वाहतं पाणी, असं आपण धरून चालतो. गोडचिनमलकीचा धबधबा बघायला आपण पावसाळ्यात गाड्या भरून जातो. तो मार्कंडेयवरचाच. मासा धबधब्यावरून खाली पडू शकतो, वर चढू शकत नाही. म्हणजे धबधब्याच्या वरचं पाणी हजारो वर्षं एका बंद दरवाजामागं राहिलेलं असतं. तिथले मासे, खेकडे, शंखशिंपले आपापसांत जमवून घेऊन जगत आले. घटप्रभेवर गोकाकचा धबधबा तसाच. खालचं कुणी परकं तिथं वर पोचलं नाही. आपण मात्र बादली घेऊन थेट दरवाजाच्या आत जातो. आणि वर सोडलेलं खाली जायला काहीच अडथळा नाही. मार्कंडेय घटप्रभेला, घटप्रभा कृष्णेला, आणि कृष्णा थेट बंगालच्या उपसागराला.

हिरण्यकेशीचं घ्या. ती आंबोलीला उगम पावते, आजरा, गडहिंग्लज करत आपल्या संकेश्वरला येते. २०२० मध्ये आंबोलीच्या उगमाजवळच्या देवळाच्या कुंडात एक छोटा, तळाशी दगडांत राहणारा मासा शास्त्रज्ञांना नव्याने सापडला. त्याला नदीचंच नाव दिलं, शिस्टुरा हिरण्यकेशी. महाराष्ट्र सरकारने २०२१ मध्ये ती जागा जैवविविधता वारसास्थळ म्हणून जाहीर केली. हा मासा २०२० पर्यंत कुणाच्या वहीत नव्हता. कणकुंबी, जांबोटी, भीमगडच्या ओढ्यांत असे अजून किती असतील कोण जाणे! एखाद्या पर्यटकाने त्या कुंडात गप्पीची पिशवी रिकामी केली असती तर? असं काही होतं, हे कळायच्या आधीच ते संपून गेलं असतं.

सीमाभागातल्या माणसाला रेषेचं महत्त्व समजावून सांगावं लागत नाही. आपण रेषेवरच जन्मलो. पण नदीला ती रेषा नाही. आजऱ्यात कुणी काही सोडलं तर ते संकेश्वरला पोचतं, बेळगावात सोडलेलं गोकाकला. म्हणून हा विचार मराठीत जेवढा व्हायला हवा तेवढाच कन्नडमध्येही. माशांच्या दुकानात पाटी लागायची असेल तर ती दोन्ही भाषांत लागली पाहिजे.

पुण्याचं आता बोलतो, कारण त्या आईचा शब्द माझ्या मनातून गेलेला नाही. आपल्याकडं माशाला जपण्याची परंपरा आहे, आणि ती फार मोठी आहे. शृंगेरीला तुंगेच्या घाटावर महाशीरांचे थवे येतात, लोक त्यांना खाऊ घालतात, कुणी गळ टाकत नाही. तीर्थहळ्ळीजवळही असंच नदीतलं मत्स्यधाम आहे. महाडकडे वाळणकोंडीत देवीचे मासे म्हणून ते राखलेत. या सगळ्या ठिकाणी लोकांनी काय केलं? नदीत जो मासा आधीपासून होता त्याला हात लावला नाही. बाहेरून आणून ओतला नाही. पुण्याची कल्पना तीच असेल तर आपल्याकडं तिला वाव आहे. मृगाच्या पहिल्या पाण्याला खानापूर भागात ओढ्यातून, खाचरांतून मासे वर चढायला लागतात. पोटात अंडी घेऊन, उलट्या प्रवाहात, बांधाबांधावरून उड्या मारत. चढणीचे मासे म्हणून आपण रात्री बॅटऱ्या घेऊन त्यांच्यामागं धावतो. मीही धावलोय. त्या आठ-दहा रात्री एखाद्या ओढ्यावर हात आवरला तर हजारोंनी पिल्लं होतील, आणि ती याच मातीतली असतील. जीवदान द्यायचंच तर ते तिथं द्यावं.

टाकीतल्या माशाचं मग करायचं काय? दुकानदाराला विचारा, आधी हेच. बरेच दुकानदार मोठा झालेला मासा परत घेतात, पैसे देत नाहीत एवढंच. न घेणारेही आहेत. एका दुकानात मला "नदी आहे की" असं उत्तर मिळालं होतं, आणि त्यानंतर मी तिथं गेलो नाही. मासे पाळणाऱ्यांचे व्हॉट्सॲप ग्रुप आहेत, त्यात फोटो टाकला की मोठी टाकी असलेला कुणीतरी सापडतो. एखाद्या शाळेला, मंगल कार्यालयाला, हॉटेलला टाकी असेल तर विचारावं. बांधीव, पुराचं पाणी न शिरणारा हौद चालतो. शेततळं चालत नाही. ऑगस्ट २०१९ आठवा, सगळा जिल्हा पाण्यात होता. बळ्ळारी नाला तर दर पावसाळ्यात शहापूर, वडगाव, येळ्ळूरच्या शिवारात शिरतो. २०१८ च्या महापुरानंतर केरळच्या नद्यांत मच्छीमारांना ॲमेझॉनचा अरापैमा मासा सापडला होता. तो कुणी मुद्दाम सोडला नव्हता, कुणाच्या तरी तळ्यातून वाहून आला होता. मासा संडासात टाकून पाणी सोडणं तर त्याहून वाईट. त्याचे हाल होतात, आणि गटारातून ते पाणी अखेर नाल्याला आणि नदीलाच जातं. टाकी धुतलेलं पाणी आणि टाकीतल्या वनस्पतीही उघड्या गटारात टाकू नयेत. पाणी झाडांच्या आळ्यात घालावं, वनस्पती उन्हात पूर्ण वाळवून कचऱ्यात द्याव्यात. माशाच्या अंगावरच्या ऊ आणि रोगजंतू त्या पाण्यातूनही जातात.

आणि यातलं काहीच जमलं नाही, तर? तर पशुवैद्याकडं जाऊन त्या माशाला शांतपणे झोपवावं. हे लिहिताना मला जड जातंय. पण लवंगेच्या तेलाच्या योग्य मात्रेने मासा बेशुद्ध होऊन वेदनेशिवाय जातो, आणि बगळ्याच्या चोचीपेक्षा, गारठून मरण्यापेक्षा ते नक्कीच बरं. त्याच्यासोबत नदीतले हजार जीव तरी जात नाहीत.

पण सगळा भार त्या आईवर आणि त्या दोन पोरांवर टाकणं न्यायाचं नाही. ज्याने बोटाएवढा सकर विकला त्याने तो दीड फुटाचा होतो हे का सांगितलं नाही? ऑस्कर हातभर होतो, लाल कानाचं कासव ताटाएवढं होऊन वीस-तीस वर्षं जगतं, हे पिंजऱ्यावर लिहिलेलं का नसतं? प्रत्येक दुकानात माशाच्या नावापुढं त्याची पूर्ण वाढ आणि आयुष्य लिहिणं सक्तीचं करा. विकणाऱ्याने परत घेतलंच पाहिजे असा नियम करा. वन्यजीव कायद्यात २०२२ च्या दुरुस्तीने परक्या घातक जातींच्या आयात-विक्रीवर बंधनं घालण्याचा अधिकार केंद्र सरकारला मिळाला आहे. तो सकरसाठी वापरावा. तोवर थांबायचंही कारण नाही. महापालिकेने आणि मत्स्य खात्याने मिळून शहरात एक बांधीव टाकी ठेवली, जिथं नको असलेला मासा कुणीही आणून देईल आणि कुणी त्याला रागावणार नाही, तर निम्म्या बादल्या पुलापर्यंत पोचणारच नाहीत. गणपतीसाठी आपण कृत्रिम हौद केलेच ना? लोक तिथं येतातही.

तो सकर अजून आमच्या हौदात आहे. हौदावर जाळी आहे, कारण खंड्या रोज येऊन बसतो. दिवसभर मासा विटेच्या आडोशाला असतो. रात्री काकडीची चकती दोऱ्याला बांधून सोडली की सकाळी नुसती साल उरते. धाकटा दर रविवारी येतो, येताना घरून काकडी आणतो आणि त्याची लांबी मोजायचा हट्ट धरतो. परवा हौदाच्या भिंतीला तो चिकटला असताना पाण्यात फुटपट्टी धरून बघितलं, अकरा इंच भरला. आईला सांगितलंस का, मी विचारलं. "सांगितलं," तो म्हणाला, "ती म्हणाली, काकांना विचार, पावसाळ्यात हौद भरून वाहतो काय?"